स्थानिक जाणकाराने सांगितल्याप्रमाणे

॥ श्री ॥

औसा, जि. लातूर
दि. २ जानेवारी २०२५

रा. रा. कोंडाजीराव वाळंज यांस,
एकनाथ सोळुंके याचा स. न. वि. वि.

माझी मुलगी ऋतिका चांद्याला आपल्या इमारतीत खोली घेऊन राहते आणि हिंजवडीला नोकरी करते. एवढ्यावरून आपण मला ओळखाल. आपले चिरंजीव दिग्विजय आणि ती यांनी लग्नाचे ठरवले आहे, हे तिने आम्हाला दिवाळीत सांगितले. आपल्यालाही त्याच सुमारास कळले असावे. मी फोन केला नाही याचा राग मानू नये. फोनवर माणूस हो हो म्हणून मोकळा होतो. कागदावर लिहिताना त्याला दोनदा विचार करावा लागतो. चौतीस वर्षे प्राथमिक शाळेत शिकवल्यावर जडलेली ही खोड आहे.

आपल्याकडे जमीन किती उरली, बस किती, खोल्या किती, हे मी विचारणार नाही. ऋतिकाची आई हेमलता विचारू पाहत होती, तिलाही मी थांबवले. मुलगी ज्या घरी द्यायची त्या घरचा शब्द खरा आहे की नाही, एवढेच मला पाहायचे आहे. बाकीचे ज्याचे तो मिळवतो आणि घालवतो.

फेब्रुवारीत आम्ही उभयता तीन दिवसांसाठी येऊ. सहली नेणे हा आपला धंदाच आहे, म्हणून संकोच न करता लिहितो. पुण्यात पाताळेश्वराची लेणी आणि शनिवारवाड्याचा दिल्ली दरवाजा पाहायचा आहे. हेमलताच्या गुडघ्यांनी परवानगी दिली तर पर्वतीही चढू. मग मुळशीचे धरण, ताम्हिणी घाट आणि घनगड, तोही खालूनच.

पण सर्वांत आधी मला ‘घोड्याची टाच’ पाहायची आहे. डिसेंबर १९९९ मध्ये मी शाळेची सहल घेऊन रायगडाहून ताम्हिणीमार्गे पुण्याला येत होतो, तेव्हा आमची एसटी घाटातल्या एका वळणावर बंद पडली. तिथल्या एका गृहस्थाने मुलांना ती गोष्ट सांगितली. कोकणातून तातडीचा निरोप घेऊन निघालेला जासूद, थकलेला घोडा, आणि निरोप वेळेत पोचवीन असा शब्द दिलेला असल्यामुळे त्याने मारलेली ती उडी. घोड्याची टाच कातळात रुतली, ती आजही दिसते. पुढे मी ‘पुणे आणि परिसर : मुलांसाठी’ हे छोटे पुस्तक स्वखर्चाने छापले. त्यात पान एक्केचाळीसवर ही हकीकत आहे, ‘स्थानिक जाणकाराने सांगितल्याप्रमाणे’ असा निर्देश करून. चार शाळांतली मुले ती वाचून मोठी झाली.

माझ्या मनात असे आहे की सगळे जुळले तर लग्न ठरल्याचा नारळ त्या टाचेपाशीच द्यावा. जिथे एका माणसाने दिलेला शब्द पाळला, तिथे आपणही द्यावा.

उत्तर सवडीने, पण कागदावर द्यावे. ओळख नवी आहे, तिला सांभाळून घ्यावे.

आपला,
एकनाथ सोळुंके

---

॥ श्री ॥

चांदे, ता. मुळशी
दि. ७ जानेवारी २०२५

सोळुंके गुरुजींना कोंडाजी वाळंजचा मनापासून नमस्कार वि. वि.

तुमचं पत्र आलं तेव्हा घरात धावपळच झाली. आमच्याकडं पोस्टमन येतो तो बँकेची नाहीतर कोर्टाची पाकिटं घेऊन. आमच्या मंडळींनी ते आधी देवापुढं ठेवलं, मग मला उघडायला सांगितलं. माझं शिक्षण सातवी. अक्षर बरं आहे, शुद्धलेखनाची खात्री देत नाही. ऋतिका तपासून देते म्हणाली होती, पण मी दिलं नाही. मुलीकडून तपासून घेतलेलं पत्र तिच्याच बापाला कसं पाठवायचं?

तुम्ही जरूर या. चांदणी चौकातून तुम्हाला मी स्वतः घेईन. तिथं आता इतके पूल झालेत, की बावधनमध्ये जन्मलेला माणूससुद्धा चुकून साताऱ्याच्या रस्त्याला लागतो. पाताळेश्वराला आपण सकाळी सातला जाऊ. बाहेर रस्ता बोंबलत असतो आणि दहा पावलं आत गेलं की गारवा. तो गोल मंडपातला नंदी बघा, मला शहरात कुणी निवांत बसलेलं दिसत असेल तर तो एकटाच. शनिवारवाड्याच्या दरवाजाचे खिळे हत्तीसाठी होते. आता त्याच्यापुढं रिक्षावाले उभे असतात, त्यांना खिळ्यांचंही भय नाही. पर्वतीला वहिनींना दर वीस पायऱ्यांवर बसवू, मी माणसं चढवण्यात वाकबगार आहे. केळकर संग्रहालय तुम्ही लिहिलं नाहीत, मी माझ्या पदरचं घालतो. तिथले अडकित्ते बघून माझी आई म्हणाली होती, की एवढे अडकित्ते असलेल्या घरात सुपारी कातरायला माणसं किती असतील!

मुळशीचं पाणी फेब्रुवारीत निळं असतं आणि काठावर गर्दी नसते. घनगड खालून बघायचा म्हणता ते शहाणपणाचं. लवळ्याच्या कॉलेजांमधली पोरं मी नेतो, ती शिडीवर चढून फोटो काढतात आणि उतरताना देवाला हाका मारतात.

टाचेचं म्हणाल, तर त्या वळणावर रस्त्याचं काम चाललंय. धूळ फार. वहिनींना त्रास होईल. त्यापेक्षा कोरीगड करू, वरती दोन तळी आहेत, नारळ द्यायला जागाही ऐसपैस.

नव्या ओळखीला सांभाळायचं ते सांभाळतोच, तुम्हीही आम्हाला पदरात घ्या.

तुमचा,
कोंडाजी वाळंज

---

(पोस्टकार्ड)

औसा, १० जानेवारी

स. न. वि. वि. पत्र मिळाले. हेमलता तीनदा वाचून हसली. धुळीचे काही नाही, आयुष्य खडूच्या धुळीत गेले. टाच आधी, कोरीगड मग. त्या वेळचे जाणकार गृहस्थ हयात असतील तर शोधून ठेवावेत. त्यांना पुस्तकाची प्रत द्यायची राहून गेली आहे, पंचवीस वर्षे मनाला लागून आहे. कळावे. ए. सो.

---

॥ श्री ॥

चांदे
दि. १४ जानेवारी २०२५, संक्रांत

सोळुंके गुरुजी यांना कोंडाजीचा सा. न. वि. वि.

तिळगूळ घ्या. गोड बोला असं मी म्हणत नाही, कारण पुढचं वाचून तुम्हाला ते जमेलच असं नाही.

तो स्थानिक जाणकार हयात आहे. हे पत्र तोच लिहितोय. आणि गुरुजी, ती गोष्ट खोटी आहे. मी ती तिथं, त्या वेळी, उभ्या उभ्या रचली.

त्या वळणावर माझी चहाची टपरी होती. तुमच्या एसटीचं चाक फुटलं आणि पन्नास-बावन्न पोरं धडाधड खाली उतरली ती थेट दरीकडं. तेव्हा तिथं कठडा नव्हता. तुम्ही आणि दुसरे एक मास्तर ओरडत होतात, ड्रायव्हर जॅकशी झटत होता, पोरं कुणाचंच ऐकत नव्हती. दोघं तर पालथे पडून खाली डोकावत होते. टपरीच्या मागं, दरीपासून लांब, एक कातळ आहे, त्याला खळगा आहे. मी त्यात रोज कप विसळायचो. त्याच्यापाशी जाऊन मी मोठ्यानं ओरडलो, की घोड्याची टाच कुणाला बघायचीय? सगळी पोरं वळली. मग जे सुचेल ते सांगत गेलो. चाक बसायला वेळ लागला, म्हणून जासुदाला मी दोन नद्या जास्त ओलांडायला लावल्या. गोष्ट संपेपर्यंत माझे वडेही तळून झाले आणि ते त्याच पोरांनी खाल्ले, हेही कबूल करतो. धंद्याचं डोकं मला तेव्हाही होतं.

मला वाटलं होतं, तुमची गाडी गेली, गोष्ट गेली. पण तुमच्या ड्रायव्हरनं ती डेपोत नेली. मग येणारे लोक विचारू लागले. पहिल्यांदा मी लाजत सांगितली, दहाव्यांदा रंगवून सांगितली. टपरीची जीप झाली, जीपच्या बस झाल्या, त्यात त्या टाचेचा वाटा आहे. कुणीतरी शेंदूर लावला. मग प्रथा पडली, की नवी गाडी घेतली की आधी टाचेपाशी आणायची, पुढचं चाक कातळाला टेकवायचं आणि लिंबू ठेवायचं, म्हणजे ती घाटात घसरत नाही. गेल्या वर्षी मी नवी बस घेतली तेव्हा माझा ड्रायव्हर गेणबा लिंबू ठेवल्याशिवाय बसायला तयार होईना. मी रचलेल्या घोड्यापुढं मीच नारळ फोडला, गुरुजी, आणि खिशातून पाकीट पडेपर्यंत वाकलो.

आता ग्रामपंचायतीचा बोर्डही आहे. त्यावर लिहिलंय, ‘संदर्भ : सोळुंके गुरुजींचे पुस्तक, पान ४१’. बोर्डाला आधार तुमच्या पुस्तकाचा, पुस्तकाला आधार जाणकाराचा, आणि जाणकार बोर्ड वाचत उभा. ते सोळुंके म्हणजे ऋतिकाचे वडील, हे मात्र मला तुमच्या पहिल्या पत्रातच कळलं. रस्त्याचं काम वगैरे काही नाही. तेही खोटं होतं.

दिग्विजय म्हणत होता, कशाला सांगता, नारळ देऊन मोकळे होऊ. पण तुम्ही लिहिलंत की घरचा शब्द बघायचाय. आणि तो तुम्ही नेमका त्या जागी द्यायला निघालात जिथं मी सगळ्यात मोठी थाप मारली. ते मला झेपेना. पोरांचा यात काही दोष नाही. जो राग करायचा तो माझा करा.

पुढं लिहावं की नाही हे तुम्ही ठरवा. मी वाट बघतो.

कोंडाजी

---

॥ श्री ॥

औसा
दि. १९ जानेवारी २०२५

कोंडाजीभाऊंना हेमलताचा नमस्कार वि. वि.

हे लिहीत नाहीत, म्हणून मी लिहिते. तुमचं पत्र आलं त्या दिवसापासून घरात फक्त कात्रीचा आवाज आहे. पुस्तकाच्या त्रेचाळीस प्रती माळ्यावर होत्या, त्या सगळ्या खाली काढून पान एक्केचाळीसवर पांढऱ्या पट्ट्या चिकटवत बसले आहेत. जेवायला हाक मारली तर येतात, पण भाजीत मीठ आहे की नाही तेही सांगत नाहीत. एका मुलाने, तो आता तालुक्याला मोठा अधिकारी आहे, पाचवीत त्या गोष्टीवर निबंध लिहून बक्षीस घेतलं होतं. त्याला कळवावं का, यावर काल रात्रीचं जेवण थंड झालं.

शेवटी आज म्हणाले, की त्यांनी मला सांगितलं ते ठीक, मी परका माणूस, लातूरला बसलोय. ज्या गावात पंचवीस वर्षं ती गोष्ट खपली, त्या गावापुढं उभं राहून सांगतील का? सांगितलं तर पुढचं बोलू. मी म्हटलं, हे तुम्हीच लिहा. तर पट्टी चिकटवत राहिले.

ऋतिकाचा फोन आला होता. खूप रडली. म्हणाली, कोंडाजीकाकांनी बाबांना एवढं खरं सांगायची गरजच नव्हती. मी तिला म्हटलं, होती गं बाई. मला आजवर मोठ्या बसवाल्यांची भीती वाटत होती. तुमचं पत्र वाचल्यापासून ती गेली. हे तेवढं यांना कळवू नका.

तिळगूळ पोचला. आमच्याकडून तिळाच्या पोळ्या पाठवते आहे, प्रवासात मोडतील, पण चव मोडत नाही.

माया राहू द्या.
हेमलता

---

॥ श्री ॥

चांदे
दि. २७ जानेवारी २०२५

गुरुजी आणि हेमलतावहिनी, दोघांना कोंडाजीचा नमस्कार वि. वि.

पोळ्यांचा चुरा आला. चमच्यानं खाल्ला, वाटी चाटली.

काल सव्वीस जानेवारी, झेंडावंदनानंतर टाचेजवळच्या आमच्या मूळ वाडीवर ग्रामसभा होती. आमच्या सरपंच मेधाताई, वयानं माझ्या मुलीसारख्या, पण सभा अशी चालवतात की म्हातारेही हात वर करून बोलतात. नळाचा विषय झाला, दिव्यांचा झाला. मग मी हात वर केला. तुम्हाला लिहिलं होतं तेच सांगितलं. टपरी, चाक, पोरं, दरी, कप विसळायचा खळगा, काही गाळलं नाही. सांगून झालं. वाटलं, आता जोडे पडतील.

गुरुजी, कुणी विश्वासच ठेवला नाही.

आधी सगळे हसले. त्यांना वाटलं, कोंडाजी नेहमीसारखा रंगवतोय. मग गेणबा उठला. म्हणाला, की मालक, वीस वर्षं मी लिंबू ठेवतुया, माझी गाडी एकदा तरी घसरली का? न्हाई ना? मग खोटं कसं काय हाय? बहिरू त्या वळणावर लिंबं-मिरच्या विकतो, तो म्हणाला की याला माझी टपरी उठवून तितं पार्किंग करायचंय, म्हणून ही नवी गोष्ट आणलीया. मी म्हटलं, बाबा, तुझी टपरी तिथंच राहू दे, लिंबू आंबटच असतं, त्यात खोटं काही नाही. तर म्हणाला, बघा, आता गोड बोलतुया.

सगळ्यात शेवटी गोजराबाई. वय ब्याऐंशी, आवाज सभामंडपाबाहेर जाणारा. मला म्हणाल्या, की तू काल जल्मलास, तुला काय ठावं? माझी सासू जात्यावर बसली की ही गोष्ट सांगायची, घोड्याचं नाव बिजली व्हतं, ती लई गुणाची घोडी व्हती. त्यांची सासू वारली एकोणीसशे ब्याऐंशी साली. माझी टपरीसुद्धा नव्हती तेव्हा. मी एवढं म्हणायला तोंड उघडलं, तर त्यांनी मला खाली बस म्हणून सांगितलं, आणि गुरुजी, मी बसलो.

मेधाताईंनी मात्र सगळं इतिवृत्तात लिहून घेतलं. नक्कल शिक्क्यासह सोबत जोडली आहे. त्यातली ओळ इथंही उतरवतो : ‘श्री. कोंडाजी वाळंज यांनी घोड्याच्या टाचेची गोष्ट आपण स्वतः रचल्याचे सांगितले. सभेने ऐकून घेतले. सभेस पटले नाही.’ बोर्डावरून तुमच्या पुस्तकाचं नाव काढायला त्या तयार आहेत, तुम्ही लेखी कळवलंत की.

एक उगाच विचारतो. माझे कान तिखट आहेत, कुठून काय आलं ते मला सहसा कळतं. मी त्या दिवशी नुसता घोडा म्हणालो होतो. बिजली हे नाव पुढं येणाऱ्या लोकांच्या तोंडून ऐकलं, कुणी ठेवलं ते आजवर कळलं नाही. तुमचं पुस्तक मी वाचलेलं नाही.

जे सांगितलंत ते केलं. आता तुमच्या हातात. नात्याचं पुढचं काही ठरो, वहिनींच्या पोळ्यांचा ऋणी राहीन.

तुमचा,
कोंडाजी वाळंज

---

॥ श्री ॥

औसा
दि. ४ फेब्रुवारी २०२५

प्रिय कोंडाजीराव यांस,
स. न. वि. वि.

नक्कल मिळाली. इतके प्रामाणिक इतिवृत्त मी चौतीस वर्षांच्या नोकरीत पाहिले नाही. सभेस पटले नाही, हे लिहिण्याचे धैर्य कोणत्या सचिवात असते!

आपल्या प्रश्नाचे उत्तर द्यायला मला चार दिवस लागले. ते नाव मी ठेवले.

आपल्या वळणावरून गाडी सुटली आणि पौडच्या अलीकडे एका मुलीने विचारले की गुरुजी, घोड्याचे नाव काय होते. मला माहीत नव्हते. साधे ‘माहीत नाही’ म्हणायचे होते. पण अख्खी गाडी माझ्याकडे पाहत होती आणि सकाळपासून रायगडावर मी सगळ्याची उत्तरे देत आलो होतो. मी म्हणालो, बिजली. पुढे पुस्तक छापताना ते जसेच्या तसे गेले. निर्देश मात्र आपल्या नावावर, स्थानिक जाणकाराने सांगितल्याप्रमाणे.

आपण खोटे बोललात ते मुले कड्यापासून मागे यावीत म्हणून. मी बोललो ते अडाणी दिसू नये म्हणून. आपण गावापुढे उभे राहिलात. मी पट्ट्या चिकटवताना ‘बिजली’ या शब्दावर आधी पट्टी लावत होतो, हे हेमलताने पाहिले. आपले पत्र आल्यावर तिला सारे सांगितले. ती पदर तोंडाला लावून इतकी हसली की शेजारीण विचारायला आली.

त्या मुलाला, म्हणजे आताच्या अधिकाऱ्यालाही, पत्र लिहिले. त्याचे उत्तर आले आहे : बक्षीस परत करणार नाही.

आम्ही चौदा तारखेला निघतो. मुलगी आपल्या घरी द्यायची, हे आमचे नक्की आहे. नारळ टाचेपाशी नको, कोरीगडावरही नको. आपल्या दारात देऊ, जिथे रोज सकाळी आपण ऋतिका-दिग्विजयला तोंड दाखवणार आहात. पाताळेश्वर आणि पर्वती त्यानंतर.

निघण्यापूर्वी एकच विचारतो, बाप म्हणून. माझी ऋतिका आपल्याकडे सुखी राहील का? उत्तर माहीत नसेल तर माहीत नाही असेच लिहावे. मला चालेल.

आता ‘आपला’ लिहिताना हात अडखळत नाही.

आपला,
एकनाथ

---

(पोस्टकार्ड)

चांदे, ८ फेब्रुवारी

गुरुजी, नमस्कार. माहीत नाही. पण तिचं काही दुखलं-खुपलं तर तुम्हाला पहिलं पत्र माझं येईल, तिचं नाही. चौदाला चांदणी चौकात उभा आहे. कोंडाजी.